नेवेना कोकानोव्हाचा होकार

‘पीचचोर’ हा बल्गेरियन चित्रपट पहिल्यांदा पाहिला, तेव्हा माझे अर्धे लक्ष पडद्याच्या तळाशी धावणाऱ्या इंग्रजी ओळींकडे होते. चित्रपट संपला तेव्हा गोष्ट पुरती कळली होती. पण त्या गोष्टीच्या मध्यभागी असलेला चेहरा आपण नीट पाहिलाच नाही, ही चुटपुट मनाला लागून राहिली. त्या ओळी चित्रफितीतच उमटवलेल्या असल्यामुळे बंद करण्याची सोय नव्हती. म्हणून दुसऱ्या दिवशी वहीचे एक पान फाडून त्याची दोन बोटे रुंदीची पट्टी कापली, ती लॅपटॉपच्या पडद्याच्या खालच्या कडेला चिकटवली आणि चित्रपट पुन्हा सुरुवातीपासून लावला. बल्गेरियन भाषा मला येत नाही. तरीही त्या दुसऱ्या खेपेला जे दिसले त्यामुळे नेवेना कोकानोव्हा या अभिनेत्रीचे जे जे चित्रपट हाती लागतील ते पाहायचे असे मी ठरवले, आणि गेली काही वर्षे तो नेम चालू आहे.

भाषा न कळता माणसे पाहायची, तर आधी त्यांच्या माना कशा हलतात हे शिकून घ्यावे लागते. बल्गेरियात ‘हो’ म्हणताना मान आडवी हलवतात आणि ‘नाही’ म्हणताना ती वर उचलतात. युरोपातल्या इतर देशांतून तिथे गेलेल्या माणसाची यात हटकून फसगत होते. मराठी माणसाची तितकी होत नसावी, कारण एखाद्याचे म्हणणे मनापासून पटले की आपणही मान दोन्ही खांद्यांकडे हलकेच डोलावतो. हे कळल्यापासून मी कोकानोव्हाच्या चेहऱ्याकडे वेगळ्या नजरेने पाहू लागले. तिच्या मोठ्या भूमिकांमधल्या बायका मनातून कधीच ‘हो’ म्हणून चुकलेल्या असतात, आणि भोवतालचे जग त्यांच्याकडून ‘नाही’ची अपेक्षा करत असते. मनातला होकार चेहऱ्यावर यायला जो वेळ लागतो, तेवढ्या वेळाचा अभिनय करणे हे तिचे खरे काम होते, असे माझे मत होत गेले आहे.

कोकानोव्हाचा जन्म १२ डिसेंबर १९३८ रोजी दुप्नित्सा या गावी झाला. बल्गेरियाच्या नैऋत्येला, रिला पर्वताच्या पायथ्याशी वसलेले हे गाव एकेकाळी तंबाखूचे गाव म्हणून ओळखले जाई. उन्हाळ्यात शेतातून पाने खुडायची, लांब सुईने दोऱ्यात ओवून उन्हात वाळवायची, आणि मग वखारींत मजुरांनी, त्यांत बायकाही पुष्कळ, बसून ती एकेक करून निवडायची, असा त्या मुलखातला वर्षाचा क्रम. कम्युनिस्ट राजवटीत या गावाचे नावसुद्धा बदलले गेले. स्तांके दिमित्रोव्ह या पुढाऱ्याचे नाव त्याला दिले, आणि जुने दुप्नित्सा हे नाव १९९२ मध्ये परत आले. तंबाखूच्या गावात जन्मलेल्या या मुलीला पहिली मोठी भूमिका मिळाली तीही ‘तंबाखू’ याच नावाच्या चित्रपटात. या योगायोगाला मी फार महत्त्व देत नाही. पण वखारीच्या दारातून बाहेर पडणाऱ्या बायकांचा थकवा तिला कोणी शिकवावा लागला नसेल, एवढे मात्र वाटते.

नाट्यशिक्षणाची पदवी तिच्याकडे नव्हती. अठराव्या वर्षी ती याम्बोल या गावातल्या नाट्यगृहात उमेदवार नटी म्हणून दाखल झाली. याम्बोल आग्नेयेला, तुंजा नदीच्या काठी आहे. राजधानी सोफियापासून चांगलेच दूर. बल्गेरियात तेव्हा गावोगावी सरकारी नाट्यगृहे होती आणि प्रत्येकाची पगारी नटमंडळी असे. अशा मंडळीत उमेदवाराने पाहत पाहत शिकायचे असते. इथूनच ती १९५७ साली पहिल्यांदा पडद्यावर आली, आणि पुढे सोफियाच्या सरकारी उपहास-नाट्यगृहात काम करू लागली. आलेको कोन्स्तान्तिनोव्ह या विनोदी लेखकाच्या नावाचे हे नाट्यगृह हसवण्यासाठीच उभारलेले होते. पडद्यावर जिच्या डोळ्यांतल्या दुःखासाठी लोक तिकिटे काढत, ती रंगमंचावर विनोदाच्या घरात वाढली, हे मला फार अर्थपूर्ण वाटते. विनोदी नाटकात नटाला थांबण्याची अचूक जागा कळावी लागते. वाक्य संपल्यावर किती क्षण गप्प राहायचे याचा हिशेब चुकला की प्रेक्षक हसत नाही. कोकानोव्हाच्या गंभीर भूमिकांतले मौन इतके नेमके का आहे, याचे एक कारण मी तिच्या या नोकरीत शोधते.

‘तंबाखू’ १९६२ मध्ये आला. दिमितर दिमोव्ह यांच्या कादंबरीवरून निकोला कोराबोव्ह यांनी तो केला होता. दिमोव्ह हे पेशाने पशुवैद्यकीचे, शरीरशास्त्राचे प्राध्यापक; त्यांच्या लिखाणातही शवविच्छेदनाच्या टेबलावरची निर्विकार स्वच्छता आहे. १९५१ मध्ये कादंबरी प्रसिद्ध झाली तेव्हा तिच्यावर कम्युनिस्ट पक्षाच्या शिस्तीतून कडक टीका झाली, आणि लेखकाला ती पुन्हा लिहून, कामगार-नायिकेची भर घालून, १९५४ मध्ये नव्याने काढावी लागली. तरीही वाचकांच्या मनात राहिली ती इरिना. एका पोलिसाची ही मुलगी वैद्यकीचे शिक्षण घेते. तिचे ज्या गरीब, महत्त्वाकांक्षी बोरिसवर प्रेम आहे तो तंबाखूच्या एका बड्या कंपनीत वर चढत जातो, मालकाच्या मुलीशी लग्न करतो, आणि काही वर्षांनी इरिनाकडे परत येतो, तेव्हा त्याच्याकडे पैसा असतो पण देण्याजोगे दुसरे काही उरलेले नसते. इरिना त्याला ‘हो’ म्हणते. आपण कशाला होकार देतो आहोत हे तिला पक्के ठाऊक असते.

कोकानोव्हा तेव्हा जेमतेम तेवीस वर्षांची होती, आणि तिला एकाच भूमिकेत शाळकरी मुलीपासून आतून करपून गेलेल्या श्रीमंत बाईपर्यंत जायचे होते. ते तिने वयाच्या खुणा रंगवून केलेले नाही. सुरुवातीची इरिना समोरच्याकडे थेट बघते. नंतरची इरिनाही थेटच बघते, पण तिची नजर समोरच्या माणसाच्या पलीकडे कुठेतरी जाऊन टेकते. उंच गालफडे, एकमेकांपासून थोडे लांब असलेले मोठे डोळे, आणि बोलण्याआधी किंचित उघडून पुन्हा मिटणारे ओठ, एवढ्या भांडवलावर तिने हे साधले आहे. चित्रपट १९६३ च्या फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत होता. चित्रपट म्हणून मला तो जड आणि लांबलेला वाटतो. कादंबरीतले काहीच सोडायचे नाही असा आग्रह त्याला भोवला आहे. इरिना मात्र त्याच्यातून सुटी होऊन लक्षात राहते.

त्या चित्रपटाचे छायालेखक होते वुलो रादेव्ह. महिनोन्‌महिने कॅमेऱ्यातून त्यांनी हा चेहरा पाहिला होता, आणि दिग्दर्शक म्हणून स्वतःचा पहिला चित्रपट करायची वेळ आली तेव्हा त्यांनी कोकानोव्हालाच नायिका केले. तो चित्रपट म्हणजे १९६४ चा ‘पीचचोर’. एमिलियान स्तानेव्ह यांच्या दीर्घकथेवर तो आधारलेला आहे. स्तानेव्ह मूळचे वेलिको तर्नोवोचे, म्हणजे ज्या गावात ही गोष्ट घडते त्याच गावचे, आणि पहिल्या महायुद्धाच्या वेळी ते लहान मुलगा होते.

काळ त्या युद्धाच्या शेवटाचा, १९१८ चा. बल्गेरिया १९१५ मध्ये जर्मनीच्या बाजूने युद्धात उतरला होता आणि शेजारचा सर्बिया शत्रू होता. ही दोन्ही स्लाव्ह राष्ट्रे; दोघांचा पंथ ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती, भाषा इतक्या जवळच्या की एकमेकांचे बोलणे बरेचसे उमगावे; आणि तरीही १८८५, १९१३ आणि पुन्हा १९१५ अशी तीनदा ती एकमेकांवर धावून गेलेली. वेलिको तर्नोवोत युद्धकैद्यांची छावणी आहे आणि भाकरीची टंचाई आहे. गावाचा लष्करी अधिकारी एक वयस्कर कर्नल आहे, आणि त्याची तरुण बायको लिझा गावाबाहेरच्या द्राक्षमळ्यातल्या घरात राहते. भुकेला एक सर्बियन कैदी, इव्हो, त्या मळ्यात पीच चोरायला शिरतो आणि तिच्या दृष्टीस पडतो. तिथून पुढे जे घडते ते कुणालाही आधीच ओळखता येईल, आणि त्यामुळे काहीही बिघडत नाही.

इव्होची भूमिका युगोस्लाव्हियातून आलेल्या रादे मार्कोविच या सर्बियन अभिनेत्याने केली आहे. म्हणजे पडद्यावर बल्गेरियन बाई आणि सर्बियन पुरुष समोरासमोर येतात तेव्हा ते दोघे खरोखरीच दोन देशांचे आहेत. बल्गेरियन भाषेत शत्रूसाठी ‘दुश्मानिन’ असा एक शब्द आहे. फारसीतून तुर्कीत आणि तुर्कीतून बल्गेरियनमध्ये गेलेला हा शब्द आपल्या ‘दुश्मन’चा सख्खा भाऊ आहे. तिथे साबणाला ‘सापुन’ म्हणतात, बाजाराला ‘पाझार’ आणि दुकानाला ‘द्युक्यान’. हे शब्द पहिल्यांदा वाचनात आले तेव्हा मला घरचे माणूस परगावी भेटल्यासारखा आनंद झाला होता. पण ‘दुश्मानिन’ने मला थांबवले. इतके मैल ओलांडून हा शब्द दोन्हीकडे पोचावा, आणि दोन्हीकडे त्याचा अर्थ तसाच राहावा!

चित्रपटाची सगळी ताकद या शब्दाच्या विरोधात उभी आहे, आणि ती कोकानोव्हाच्या चेहऱ्यावर उभी आहे. बल्गेरियाची चित्रसृष्टी १९४८ मध्ये सरकारच्या ताब्यात गेली होती, आणि सुरुवातीच्या बहुतेक चित्रपटांचे नायक फॅसिस्टविरोधी प्रतिकाराच्या लढ्यातले वीर असत. अशा वेळी एका राजेशाही लष्करातल्या कर्नलची बायको नायिका व्हावी, तिने कोणतीही क्रांती करू नये, कोणत्याही कार्यात सामील होऊ नये, फक्त एका माणसावर प्रेम करावे, आणि तो माणूस शत्रूच्या सैन्यातला अधिकारी असावा, ही गोष्ट धाडसाची होती. लिझाच्या सुखदुःखाला युद्धाइतकेच वजन आहे, हे प्रेक्षकाला पटले नसते तर चित्रपट कोसळला असता. ते पटवण्यासाठी तिच्याजवळ भाषण नाही. संकोच आहे, स्वतःच्या धिटाईचे आश्चर्य आहे, आणि इतकी वर्षे आपण जगलोच नाही हे उशिरा कळल्याची चीड आहे. यातले एक मावळायच्या आत दुसरे उगवते, आणि क्षणभर दोन्ही एकाच चेहऱ्यावर असतात. पट्टी लावून पाहताना मला हेच दिसले होते. खालच्या ओळी वाचण्यात जे क्षण गेले होते, नेमक्या त्या क्षणांत ती काम करत होती.

इव्होचा शेवट स्तानेव्ह यांनी फार क्रूर योजला आहे. युद्ध संपत आलेले असते, लढाईची आघाडी फुटलेली असते, सुटका हाताच्या अंतरावर असते. तो लिझाला भेटायला मळ्यात येतो, आणि मळ्याची राखण करणारा कर्नलचा शिपाई त्याला गोळी घालतो. शत्रू म्हणून तो मारला जात नाही आणि प्रियकर म्हणूनही नाही. फळे चोरणारा चोर म्हणून मारला जातो.

यानंतरचा तिचा मोठा चित्रपट ‘आडवळण’, १९६७ चा. ब्लागा दिमित्रोव्हा या कवयित्रीने तो लिहिला. कम्युनिस्ट राजवट गेल्यावर याच बाई काही काळ देशाच्या उपराष्ट्राध्यक्ष झाल्या. दिग्दर्शक दोन होते, ग्रिशा ओस्त्रोव्स्की आणि तोदोर स्तोयानोव्ह, आणि यातल्या स्तोयानोव्ह यांनीच ‘पीचचोर’चे छायालेखन केले होते. एकाच चेहऱ्यासाठी लागोपाठ दोन छायालेखकांनी दिग्दर्शक व्हावे, याचे मला नवल वाटत नाही.

गोष्ट साधी आहे. नेदा ही पुरातत्त्वज्ञ, बोयान हा अभियंता. विद्यार्थी असताना दोघांचे प्रेम होते. पण दुसऱ्या महायुद्धानंतरच्या त्या कडव्या वर्षांत ध्येयापुढे प्रेम म्हणजे दुबळेपणा, अशी त्यांचीही समजूत होती. सतरा वर्षांनी ती दोघे वाटेत अवचित भेटतात, ती त्याच्या मोटारीत बसते, आणि प्रवासात जुना काळ मध्येच घुसत राहतो, कधीकधी एकाच वाक्याच्या दोन अर्ध्यांमध्ये. बोयानचे काम इवान आन्दोनोव्ह यांनी केले आहे. कोकानोव्हा इथे दोन नेदा साकारते: एक जी कशालाही भीत नाही, आणि दुसरी जी जमिनीखालचे फुटके तुकडे जुळवण्याचे काम करता करता स्वतःकडे पाहायला शिकली आहे. इथे ती होकार देता देता थांबते. सतरा वर्षांपूर्वीचा ‘हो’ आज म्हणता येत नाही हे तिला बोयानच्या आधी कळते, आणि त्याला दुखवायचे नाही म्हणून ती ते हसण्यात लपवते. त्या हसण्यासाठी मी हा चित्रपट पुन्हा पुन्हा पाहू शकते. मॉस्कोच्या महोत्सवात त्याचा सन्मान झाला, आणि मायदेशी लोक कोकानोव्हाला बल्गेरियन चित्रपटाची ‘फर्स्ट लेडी’ म्हणू लागले. ही पदवी तिला पुढे आयुष्यभर चिकटून राहिली.

नंतरच्या कामांविषयी मी थोडक्यात लिहिते, कारण त्यांतल्या पुष्कळ ठिकाणी तिच्या नावाचा उपयोग अधिक आणि तिचा कमी झाला, असे मला वाटते. अपवाद आहेत. १९७७ च्या ‘मातृसत्ता’मध्ये पुरुष शहरांकडे निघून गेल्यावर रिकाम्या होत चाललेल्या खेड्यातल्या बायका आहेत, तिथे कात्या पास्कालेव्हासारख्या पुढच्या पिढीच्या समर्थ अभिनेत्रीबरोबर ती त्या बायकांतली एक होऊन वावरते. १९८० च्या ‘निवड बायकांची’ या विनोदी चित्रपटात मोटार शिकवणाऱ्या एका देखण्या पुरुषाभोवती छोट्या गावातल्या बायकांचे मन घोटाळते. तो चित्रपट दिग्दर्शित केला होता इवान आन्दोनोव्ह यांनी, म्हणजे ‘आडवळण’मधल्या बोयानने. पुन्हा एक मोटार, पुन्हा तीच दोघे, पण आता तो कॅमेऱ्यामागे आणि ती हसवणारी. उपहास-नाट्यगृहातली नटी मला तिथे भेटली.

तिचे पती ल्युबोमिर शार्लान्जिएव्ह हेही दिग्दर्शक होते. त्यांचा ‘सरकारी वकील’ हा १९६८ चा चित्रपट सत्तेला रुचला नाही आणि तो वीस वर्षे डब्यात पडून राहिला. कलावंताचे चांगले काम लोकांपर्यंत पोचूच न देणे, याइतका मोठा अन्याय मला दुसरा सुचत नाही. आणि ज्या घरात एकाचा चेहरा देशभर भिंतींवर आहे आणि दुसऱ्याचा चित्रपट कुलपात, त्या घरातल्या जेवणाच्या टेबलाचा विचार मनात आल्यावाचून राहत नाही. शार्लान्जिएव्ह १९७९ मध्ये गेले, तेव्हा त्यांचा ‘तीन घातक पापे’ हा चित्रपट अपुरा होता. तो कोकानोव्हाने पूर्ण केला. चाळिशी नुकतीच ओलांडलेली, आतापर्यंत कॅमेऱ्यासमोर उभी राहिलेली बाई नवऱ्याच्या मृत्यूनंतर त्याच्या जागी येऊन उभी राहिली आणि त्याने मनात योजलेल्या दृश्यांना आकार देऊ लागली. तिच्या सगळ्या भूमिकांमध्ये मिळून जितके धैर्य आहे, तितके मला या एका कामात दिसते.

राजवट १९८९ मध्ये गेली, आणि सरकारी पैशावर चाललेला चित्रपटांचा कारखानाही तिच्यासोबत मंदावला. ज्या पिढीने आयुष्यभर एकामागून एक चित्रपट केले, त्या पिढीला एकदम रिकामे हात घेऊन बसावे लागले. कोकानोव्हा ३ जून २००० रोजी सोफियात, एकसष्टाव्या वर्षी, कर्करोगाने गेली. याम्बोलच्या नाट्यगृहाला आज तिचे नाव आहे.

गेल्या पावसाळ्यात आई माझ्याकडे राहायला आली होती. तिला इंग्रजी येत नाही, म्हणून मी पट्टी तशीच ठेवून ‘पीचचोर’ लावला आणि गोष्टीतले काहीच आधी सांगितले नाही. आई समोर मेथीची जुडी घेऊन बसली होती. मधूनमधून मान वर करायची, पुन्हा पाने खुडायची. लिझा आणि इव्हो मळ्यात दुसऱ्यांदा भेटले तेव्हा तिचे हात थांबले. “कर्नलची बायको आहे ना ही?” तिने विचारले. मी हो म्हटले. थोडा वेळ पाहून ती म्हणाली, “आता ही थांबायची नाही गं.” पडद्यावर तोपर्यंत लिझाने तसे काहीच बोललेले किंवा केलेले नव्हते.

शेवटी गोळी सुटली. पडद्यावरची माणसे काय बोलत होती ते कागदाच्या पट्टीखाली होते. आईने माझ्याकडे पाहिले.

“चोर समजून मारला त्याला?”

मेथी तिच्या मांडीवर तशीच राहिली होती, अर्धी निवडलेली.